वर म्हणजे पूर्व

शालूआते गेल्याचा निरोप शेजारच्या नाडकर्णींच्या फोनवर आला. आमच्या मजल्यावर फोन त्यांच्याकडेच आहे. मी धावत गेले, ऐकलं, रिसीव्हर ठेवला आणि खरं सांगायचं तर पहिल्यांदा मला तिचा रागच आला. आमचं भांडण अर्धवट राहिलं होतं. आदल्याच रविवारी ती मुलुंडला आमच्याकडे आली होती. गॅलरीत उभं राहून तिने समोर बोट केलं आणि विचारलं, "वरच्या अंगाची ती बिल्डिंग कधी झाली गं?" मी म्हटलं, "आते, ती पूर्वेला आहे. इथे डोंगर पश्चिमेला. तुझ्या हिशेबाने इथे वर म्हणजे पश्चिम व्हायला हवं." तिने माझ्याकडे असं बघितलं की जणू मी सातवीच्या वर्गात भारताच्या नकाशात श्रीलंका विसरले आहे. "सूर्य उगवता ती वरची बाजू," ती म्हणाली. "तुझ्या मुलुंडसाठी सूर्य बदलूचो काय?" मी उत्तर जुळवत होते तेवढ्यात चहा उतू गेला. पुढच्या वेळी तिला गाठायचंच, असं मी ठरवलं होतं. आता ती पुढची वेळ... असो.

शालूआते म्हणजे माझ्या बाबांची धाकटी बहीण. बोरीवलीच्या एका मराठी शाळेत तिने जन्मभर भूगोल शिकवला. तिथे ती तावडेबाई होती, आणि तावडेबाई म्हटलं की आजही चाळिशीची माणसं नकळत शर्टाचं बटण लावतात. तिने लग्न केलं नाही. का, ते विचारायची कुणाची छाती झाली नाही. बोरीवली पूर्वेला, उद्यानाच्या डोंगराच्या अलीकडे, आजोबांनी बांधलेल्या चार खोल्यांच्या बैठ्या घरात बाबा आणि ती असे बहीणभाऊ राहायचे. माझी आई लवकर गेली, त्यामुळे मीही त्याच घरात आतेच्या हाताखाली वाढले. घरात मालवणी, शाळेत शुद्ध, असा तिचा सक्त कायदा होता. आणि मालवणीत, निदान आमच्या गावच्या मालवणीत, डोंगराची बाजू ती वरची आणि समुद्राची ती खालची. उत्तर-दक्षिण या शाळेतल्या गोष्टी. घरात "वरच्या अंगाक बघ" म्हटलं की आम्ही डोळे मिटून पूर्वेला जायचो. बोरीवलीत डोंगरही पूर्वेलाच, त्यामुळे गाव सुटलं तरी दिशा सुटली नव्हती.

घराचं तोंड पूर्वेला होतं आणि घरापुढे रस्त्यापर्यंत जाणारी एक लांबट पट्टी होती. तीच आमची येण्याजाण्याची वाट. ऐंशीच्या सुरुवातीला शेजारची जमीन एका बिल्डरने घेतली आणि कुंपण घालताना आमची पट्टीही आत घेतली. आम्ही सकाळी उठून बघतो तर पुढच्या पायरीपासून हातभर अंतरावर तारा. घराच्या उत्तरेच्या कडेला नाला होता. त्याच्या काठाने एक माणूस जाईल एवढी कडा होती, मागच्या दाराने निघून तीच आमची नवी वाट झाली. बाबा म्हणाले, बोलून बघू. आते म्हणाली, बोलून झालं. आणि तिने अंधेरीला बोधनकर वकिलांचं ऑफिस गाठलं. बोधनकर मूळचे अमरावतीकडचे, सज्जन माणूस, सावकाश बोलायचे आणि त्याहून सावकाश ऐकायचे. त्यांनी विचारलं, "बाई, पट्टी घराच्या कोणत्या बाजूला?" आते म्हणाली, "वरच्या," आणि पर्समधून कागद काढून टेबलावरच नकाशा काढून दिला. मोठा झोकात काढला. वर डोंगर, त्याखाली पट्टी, मग घर, डावीकडे नाला, उजवीकडे बिल्डरची जमीन. फक्त कोपऱ्यात उत्तर दाखवणारा बाण काढला नाही. बोधनकरांनी जगातला कुठलाही शिकलेला माणूस समजेल तेच समजलं. नकाशात वर ती उत्तर. दाव्यात पट्टी "घराच्या उत्तरेस" अशी टाईप झाली.

सही करायला कागद आले तेव्हा आते वार्षिक परीक्षेचे पेपर तपासत होती. इंग्रजी दाव्याची पहिली पानं तिने नीट वाचली, दोन ठिकाणी व्याकरण सुधारलं, आणि शेवटचं जमिनीच्या वर्णनाचं पान न वाचता सही ठोकली. "जमीन काय मला माहीत नाही?" असं तेव्हा म्हणाल्याचं मला आठवतं. पुढे ती यावर एकच वाक्य बोलायची, "दुसऱ्यांचे पेपर तपासायची घाई होती, स्वतःचा राहिला."

कोर्टाने जागा जैसे थे ठेवायचा हुकूम दिला. बिल्डरचा लेखी जबाब आला, त्यात लिहिलं होतं की घराच्या उत्तरेकडच्या जागेवर बिल्डरचा काहीही हक्क नाही आणि तिथे त्याने काहीही केलेलं नाही. आमच्या घरी पेढे आले! बिल्डर घाबरला, खोटं बोलतोय पण हक्क सोडतोय, असा अर्थ आम्ही काढला. बोधनकरांना तो नेहमीचा कांगावा वाटला. बिल्डरच्या वकिलांना मात्र पहिल्या दिवसापासून कळलं होतं की तावडेबाईंनी दावा लावलाय तो नाल्यावर. त्यांनी तो पत्ता हातात धरून ठेवला आणि आम्ही पेढे खाल्ले.

मधल्या काळात बाबांना पक्षाघात झाला. उजवी बाजू गेली, बोलणं जवळजवळ गेलं. त्या दिवशी ॲम्ब्युलन्स रस्त्यावर उभी होती, घरातून दिसत होती, आणि मध्ये तारा. बाबांना खुर्चीत बसवून, खुर्चीला साडीने बांधून, नाल्याच्या कडेने न्यावं लागलं. पुढे एक शेजारी, मागे एक, आणि नाल्याच्या बाजूने खुर्चीला हात लावून आते, गुडघाभर घाणीत. बाबांचा डावा हात तिच्या खांद्यावर घट्ट होता. रडत होते ते, पण आवाज येत नव्हता. हॉस्पिटलमधून परत आणलं तेही तसंच. त्यांना पलंगावर निजवून आते मोरीत पाय धुवायला गेली आणि तिथूनच, कुणाला उद्देशून कोण जाणे, म्हणाली, "दादा ह्या घरातसून फुडच्या वाटेनच भायर पडतलो. मी बघतंय कोण अडवता ता." मला त्या क्षणी वाटलं की बिल्डरची आता काही धडगत नाही. तेव्हा मला कोर्ट म्हणजे काय ते माहीत नव्हतं.

चार वर्षांनी साक्षीला नंबर लागला. फोर्टातल्या दिवाणी कोर्टात मी तिच्यासोबत गेले होते. इस्त्रीची नारायणपेठ नेसून ती पिंजऱ्यात उभी राहिली. प्रश्न इंग्रजीत यायचे आणि दुभाषा ते मराठीत सांगायचा. आतेला इंग्रजी उत्तम कळायचं, पण दुभाषा सांगेपर्यंत ती मुद्दाम थांबायची, तेवढा वेळ विचार करायला मिळतो म्हणून. बिल्डरचे वकील गोड माणूस. त्यांनी विचारलं, तुम्ही काय शिकवता? भूगोल. हा नकाशा तुमच्या हातचा? हो. यात उत्तरेचा बाण कुठे आहे? आते कागदाकडे बघत राहिली. मी मागच्या बाकावरून तिची मान बघत होते, ती मान मी कधी वाकलेली बघितली नव्हती.

"नाही," ती म्हणाली.

"परीक्षेत मुलांनी बाण काढला नाही तर तुम्ही काय करता?"

दुभाष्याने सांगायच्या आतच ती बोलली, "एक मार्क कापते."

कोर्ट हसलं. न्यायाधीशही किंचित हसले. वकिलांनी मग शांतपणे दाव्याचं शेवटचं पान तिच्यासमोर ठेवलं आणि वाचायला लावलं. घराच्या उत्तरेस काय आहे, बाई? नाला. तुम्हाला नाला परत हवा आहे का? त्यावर आमच्या तारांचा, पट्टीचा, बाबांच्या खुर्चीचा सगळा दावा त्या एका शब्दापाशी येऊन आडवा झाला. आम्ही जिंकलो असतो तर कोर्टाने मोठ्या सन्मानाने आम्हाला गटार दिलं असतं.

त्याच दुपारी अंधेरीच्या ऑफिसात बोधनकर डोक्याला हात लावून बसले होते. त्यांना खरंच वाईट वाटत होतं. ते म्हणाले, दावा काढून घेऊ, कोर्टाची परवानगी घेऊन नवीन लावू. आतेने विचारलं, नवा दावा साक्षीला यायला किती वर्षं? त्यांनी हात हवेत हलवला. तोवर पट्टीवर चार मजले उभे राहतील, कारण आमचा हुकूम होता नाल्याच्या बाजूचा. पुढची बाजू गेली चार वर्षं मोकळीच होती आणि आम्हाला ते ठाऊकही नव्हतं. "मग आहे तोच दावा दुरुस्त करा," आते म्हणाली.

"करता येतो, बाई. कायद्यात आहे, कोणत्याही टप्प्याला करता येतो. पण साक्ष सुरू झाल्यावर, आणि उलटतपासणीत पकडले गेल्यावर... ते म्हणणार, दावाच बदलला. एक जमीन मागत होते, आता दुसरी मागतात." मग त्यांनी आवाज खाली आणला. "टायपिंगची चूक झाली असं लिहू. अशा चुका होतात, कोर्ट समजून घेतं."

"टायपिस्टने केली नाही."

"अहो, पण कुणाला कळणार आहे?"

"मला. आणि उगाच त्या पोरीच्या पोटावर पाय कशाला? तिच्यापुढे जे ठेवलं ते तिने टाईप केलं. चूक माझी. मी वर म्हटलं, मी वर काढलं. कोकणात वर म्हणजे पूर्व, असं लिहा."

बोधनकर कसेबसे म्हणाले, "कोर्टात हे सांगायचं? हसतील हो."

"आज हसलेच की. आता सवय झाली."

हे ऐकताना मी गार पडले होते, कारण या बाईने स्वतःची चूक कबूल केल्याचं मी जन्मात ऐकलं नव्हतं. आमटीत मीठ जास्त झालं तर ती म्हणायची, तुमची जीभ आज बरी नाही. साखरेच्या डब्यात मीठ भरलं तेव्हा डबाच चुकीच्या जागी होता. तिच्याशी वाद घालणं म्हणजे भिंतीला ढुशी देणं, हे आमच्या घरातल्या मांजरालाही ठाऊक होतं. आणि तीच आता शपथेवर लिहून द्यायला निघाली होती की एका भूगोलाच्या शिक्षिकेने दिशा चुकीची सांगितली. त्यात नम्रपणा मुळीच नव्हता, गैरसमज नको. तिला वाट हवी होती आणि वाटेत तिचा मान आडवा येत होता, म्हणून तिने तो बाजूला केला. मला त्या दिवशी ती फार आवडली.

तिसऱ्या दिवशी पट्टीवर दगड येऊन पडले. पायासाठी. ट्रक रिकामा होताना बाबा आतून आवाज ऐकत होते आणि डाव्या हाताने पलंगाची कड आवळत होते. आते त्यांच्याजवळ जाऊन बसली. "दादा, दगडच आसत," ती म्हणाली, "उचलूक येतत." मग शाळेत गेली, परत आली आणि प्रतिज्ञापत्राचा मसुदा घेऊन बसली. बोधनकरांनी लिहिलेल्या इंग्रजीत ती शब्द खोडत होती. त्यांनी 'गावंढळ बोलीमुळे' अशा अर्थाचं काहीतरी घातलं होतं, ते तिने काढलं आणि लिहिलं, 'माझ्या मातृभाषेनुसार'.

अर्जाची सुनावणी झाली तेव्हा बिल्डरच्या वकिलांनी अर्धा तास आम्हाला धुतलं. चार वर्षं झोपले, पकडले गेल्यावर जागे झाले, आता नवीन जमीन, नवीन दावा, नवीन गोष्ट. बोली म्हणे! उद्या कुणी म्हणेल आमच्याकडे मालाडला दादर म्हणतात. मला तेव्हा हसू आलं, राग आला आणि रडूही आलं. बोधनकर उभे राहिले. नेहमीसारखेच सावकाश. ते म्हणाले, आम्ही नवीन काही मागत नाही, जुनाच नकाशा बघावा, दाव्यासोबत पहिल्या दिवशी जोडलेला. बाण नाही हे खरं. पण नाला आहे. तो उत्तरेला आहे हे प्रतिवादींच्या वकिलांनीच साक्षीत शपथेवर वदवून घेतलं. नकाशात तो कुठे आहे?

न्यायाधीशांनी कागद पुढे ओढला. डावीकडे, ते म्हणाले. मग त्यांनी चष्मा वर केला आणि कागद पाव फेरी फिरवला. नाला वर गेला. डोंगर उजवीकडे आला, पट्टी उजवीकडे आली, बिल्डरची जमीन खाली, जिथे ती खरोखर आहे तिथे. कागद परत पहिल्यासारखा केला आणि पुन्हा फिरवला. मग त्यांनी आतेकडे बघून थेट मराठीत विचारलं, "बाई, गाव कुठलं?"

"कुडाळजवळ."

"हं," ते म्हणाले आणि लिहायला लागले. समोरच्यांना खर्च द्यायच्या अटीवर दुरुस्ती मंजूर झाली. जैसे थेचा हुकूमही त्याच दिवशी पुढच्या पट्टीला लागू झाला. आते बाहेर आली, व्हरांड्यातल्या बाकावर बसली आणि म्हणाली, "भूक लागली." मी रडत होते, ती चिडली. "रडतेस काय, अजून दावा जिंकायचा आहे."

मूळ दाव्यावरची दुरुस्ती लाल शाईने करायची पद्धत आहे. बोधनकरांच्या कारकुनाने 'उत्तर' खोडून 'पूर्व' लिहिलं, तेव्हा आते शेजारी उभी होती. अक्षर नीट काढा म्हणाली. पुन्हा साक्ष झाली, पुन्हा उलटतपासणी, त्याच गोड वकिलांनी तिला पुन्हा तासभर उभं केलं. आपल्या सोयीने तुम्ही दिशा बदलता का, असं विचारलं. आतेने दुभाष्याकडे बघितलंही नाही. "दिशा तिथेच आहे," ती म्हणाली, "मी शब्द बदलला." त्या वेळी कुणी हसलं नाही. निकाल लागायला आणखी बराच काळ गेला. दरम्यान बोधनकर आजारी पडले, न्यायाधीश बदलले, दोनदा फाईल सापडेना. ती दर तारखेला रजा टाकून जायची. शाळेत तिच्या मागे कुजबुज व्हायची की तावडेबाईंना स्वतःचं घर कुठल्या दिशेला ते माहीत नाही. तिला ते कळायचं. बाण काढायला विसरलेल्या मुलांचे मार्क ती तरीही कापायची.

निकाल आमच्या बाजूने लागून तारा निघाल्या त्या दिवशी तिने कुणाला बोलावलं नाही. मी तोवर मुलुंडला राहायला गेले होते, मला नंतर समजलं म्हणून मी भांडले. शेजारच्या दोघांना घेऊन तिने बाबांना खुर्चीत बसवलं, पुढच्या दाराने बाहेर काढलं आणि पट्टीवरून रस्त्यापर्यंत नेलं. साडीने बांधलं नाही. रस्त्याच्या कडेला दोघं बहीणभाऊ येणाऱ्या-जाणाऱ्यांकडे बघत बसले होते म्हणे. केळीवाल्याने विचारलं, कुठे निघालात? आते म्हणाली, कुठेच नाही.

ती गेली झोपेतच, पहाटे कधीतरी. मी मुलुंडहून पोचले तेव्हा घर भरलं होतं. वाडीतली माणसं, शाळेतल्या बाया, मोठी झालेली मुलं. मला सुचत नव्हतं, मी बाबांच्या खुर्चीशी जमिनीवर बसून राहिले. तयारी झाली. खांदा द्यायला वाडीतलीच माणसं होती. इतकी वर्षं आमच्याकडे ही माणसं मागच्या दारानेच आली-गेली होती, नाल्याच्या कडेने, सवयच पडली होती सगळ्यांना. तिला उचललं आणि पावलं आपोआप मागे वळली. माझ्याही ते लक्षात आलं नाही.

"फुडसून!"

कोण बोललं ते आधी कुणालाच कळलं नाही. बाबांचा आवाज मी कित्येक वर्षांत एवढा मोठा ऐकला नव्हता. ते खुर्चीतून अर्धे उठले होते, डावा हात पुढच्या दाराकडे. "फुडसून," ते पुन्हा म्हणाले. माणसं थबकली, चुकल्यासारखी झाली आणि आहे तिथेच वळली. शालूआते पुढच्या वाटेने गेली आणि तिच्या मागून बाबांची खुर्ची, रस्त्यापर्यंत.

मी रजा घेऊन सध्या बोरीवलीतच आहे. बाबांना मुलुंडला चला म्हटलं तर ते मान हलवतात, उभी नव्हे, आडवी. रोज सकाळी पुढच्या दारात खुर्ची लावून घेतात आणि पट्टीकडे बघत बसतात. आतेने कधी असं बसून पहारा दिला नसता, तिला वेळ कुठे होता. परवा समोरच्या नव्या इमारतीतला एक तरुण घाईघाईत आला, पट्टीच्या तोंडाशी स्कूटर उभी केली आणि निघून गेला. मी म्हटलं, असू दे बाबा, येईल पाच मिनिटांत. बाबांनी माझा हात धरला. पकड अजून जबरदस्त आहे. मी लगेच उठल्याशिवाय ते सोडणार नव्हते, हे मला दिसलं. त्यांचे ओठ हलले, आवाज यायला वेळ लागला.

"वाट," ते म्हणाले.

मी जाऊन स्कूटर हलवली.